बर्फातले क्रौंच, कोळशाची गाडी: पूर्व होक्काइदोची हिवाळी सहल कशी आखावी

परदेशी सहलीचा विषय निघाला की बहुतेक घरांत पहिला प्रश्न असतो, सुट्टी कधी मिळेल? दुसरा, पॅकेज केवढ्याला पडेल? छंदासाठी जाणाऱ्यांनी हे दोन्ही प्रश्न थोडे मागे ठेवावेत. ज्या पक्ष्यासाठी, ज्या रेल्वेगाडीसाठी, ज्या बर्फासाठी आपण जाणार, ते वर्षाच्या कुठल्या आठवड्यांत आणि दिवसाच्या कुठल्या प्रहरी भेटतं हे आधी शोधायचं. तारखा त्यातून निघतात आणि तिकिटं सगळ्यात शेवटी.

हा लेख जपानच्या उत्तरेकडच्या होक्काइदो बेटाच्या पूर्व भागाबद्दल आहे. भिगवणला पहाटे होडीत बसून रोहित पाहणारे, गोंदियाच्या सारसांसाठी रात्रभर प्रवास करणारे, आणि कोळशाचं इंजिन दिसलं की मुलांआधी स्वतःच खिडकीला नाक लावणारे, अशा सगळ्यांना एकाच सहलीत पोटभर मिळेल असा हा मुलूख आहे. आम्ही तो कुठल्याही टूर कंपनीशिवाय केला. मी पक्ष्यांसाठी गेलो, बायको रेल्वे आणि गरम पाण्याच्या कुंडांसाठी. दोघांचंही जमलं.

१. आधी हंगामाचा तक्ता करा

एका कोऱ्या कागदावर घरातल्या प्रत्येकाचा छंद लिहा आणि समोर त्याचा हंगाम. पूर्व होक्काइदोसाठी आमचा कागद असा होता:

- तांचो, म्हणजे लाल माथ्याचे क्रौंच: डिसेंबर ते मार्च. नाच पाहायचा तर जानेवारीअखेर आणि फेब्रुवारी.
- ओखोत्स्क समुद्रातला तरंगता बर्फ: साधारण जानेवारीअखेर ते मार्चच्या मध्यापर्यंत. भरवशाचा महिना फेब्रुवारी.
- त्या बर्फावर बसणारे स्टेलर्स समुद्री गरुड: पुन्हा फेब्रुवारी.
- कुशिरोची वाफेच्या इंजिनाची गाडी: जानेवारी ते मार्च, पण ठरावीक दिवशीच.
- साप्पोरोचा हिमोत्सव: फेब्रुवारीचा पहिला-दुसरा आठवडा.

पाचही रेघा फेब्रुवारीत एकमेकींना छेदतात. आता नाताळच्या सुट्टीचं बघा. आपल्याकडची बहुतेक कुटुंबं तेव्हाच निघतात, आणि या सहलीसाठी नेमकी तीच वेळ वाईट आहे. समुद्रात बर्फ आलेला नसतो. २९ डिसेंबर ते ३ जानेवारीच्या दरम्यान जपानात नववर्षाची सुट्टी असते, तेव्हा लहान गावांतली खाणावळं आणि संग्रहालयं बंद असतात, आणि गाड्या घरी जाणाऱ्यांनी भरलेल्या. शिवाय कुशिरो जपानच्या पूर्व टोकाला, त्यामुळे डिसेंबरात तिथे पावणेचारच्या सुमारास सूर्य मावळतो. फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत हाच सूर्यास्त पाचच्या जवळ सरकतो. छायाचित्रकाराला हा तास फार मोलाचा.

हिमोत्सवाबद्दल माझं मत स्पष्ट आहे. १९५० साली शाळकरी मुलांनी ओदोरी बागेत सहा बर्फाचे पुतळे केले, त्यातून हा उत्सव वाढला आणि तो खरोखर बघण्यासारखा आहे. पण त्या आठवड्यात साप्पोरोच्या हॉटेलांचे दर डोळे पांढरे करतात. उत्सव हाच तुमचा छंद नसेल तर तो संपल्यावर पोचा. ११ आणि २३ फेब्रुवारीला जपानात सार्वजनिक सुट्टी असते. त्याला जोडून शनिवार-रविवार आला तर गर्दी दुप्पट धरा.

घरात दहावी-बारावीचं कुणी असेल तर फेब्रुवारीचं नावच काढू नका. वर्षभर थांबा.

२. एकच छंद कण्यासारखा धरा

चार जणांचे चार छंद सारख्या वजनाने आखले की कुणाचंच धड होत नाही. एक छंद मुख्य ठरवा. त्याच्या वेळा हलणार नाहीत. बाकीचे उरलेल्या वेळेत बसवा. इथे हे सोपं जातं, कारण प्रत्येकाचा प्रहर वेगळा आहे. पक्षी पहाटे आणि सकाळी, रेल्वे दुपारी, तळी-संग्रहालयं त्यानंतर, आणि अंधार पडला की गरम कुंड.

फक्त एक नियम आधीच ठरवून टाका. पहाटे चारला उठायची सक्ती सगळ्यांवर नाही. ज्याला झोपायचंय त्याने झोपावं, नऊला नाश्त्यावर भेटू. हे बोलून न ठेवल्यामुळे परदेशात जितकी भांडणं होतात तितकी पैशांवरूनही होत नसतील.

३. नकाशा समजून घ्या

होक्काइदोत सगळीकडे सारखाच बर्फ पडतो असं वाटतं, पण तसं नाही. सैबेरियाकडून येणारा वारा जपानच्या समुद्रावरून बाष्प घेऊन येतो आणि पश्चिमेकडच्या साप्पोरो, ओतारूवर बर्फ ओततो. मधले डोंगर ओलांडेपर्यंत तो कोरडा होतो. आपल्याकडे कोकणात कोसळतो आणि देशावर ढग नुसते पुढे जातात, तसंच. त्यामुळे कुशिरोच्या बाजूला हिवाळाभर ऊन असतं, आकाश निळं असतं आणि थंडी मात्र हाडं फोडणारी.

मुक्कामाची ठाणी तीन धरा:

- कुशिरो आणि त्सुरुई गाव. क्रौंचांचा मुलूख. कुशिरोला विमानतळ आणि रेल्वे दोन्ही आहेत. त्सुरुई तिथून तासाभराच्या आत.
- राउसू. शिरेतोको द्वीपकल्पाच्या पूर्व किनाऱ्यावरचं मासेमारीचं गाव. गरुड इथे. कुशिरोहून बसने साडेतीन तासांच्या आसपास.
- आबाशिरी. ओखोत्स्क समुद्रावरचं शहर, बर्फ फोडत जाणाऱ्या बोटीसाठी. कुशिरोहून सेन्मो मार्गावरच्या गाडीने साडेतीन तासांच्या आसपास.

इथे एक मोठा सापळा आहे. नकाशावर शिरेतोकोच्या पश्चिमेचं उतोरो आणि पूर्वेचं राउसू अगदी पाठीला पाठ लावून दिसतात. त्यांना जोडणारा घाटरस्ता हिवाळाभर बंद असतो. वळसा घालून जायला दोन तासांहून अधिक लागतात, आणि सार्वजनिक वाहनाने तर दिवस मोडतो. म्हणून दोन्ही गावांत आरक्षण करू नका. पक्षी हवे असतील तर राउसू, बर्फावर चालायचं असेल तर उतोरो.

गाडी न चालवता आमचा क्रम असा होता: तोक्यो, कुशिरो-त्सुरुई, राउसू, पुन्हा कुशिरो, तिथून रेल्वेने आबाशिरी, मग साप्पोरो. कुशिरोला दोनदा जाणं कागदावर वेडेपणा वाटतो. प्रत्यक्षात त्यामुळे क्रौंचांसाठी दुसरी संधी मिळते आणि मोठी बॅग तिथल्या हॉटेलात ठेवून राउसूला पाठपिशवीवर जाता येतं.

४. व्हिसा आणि कागदपत्रं

भारतात राहणाऱ्या भारतीयांना एप्रिल २०२४ पासून जपानचा पर्यटक ई-व्हिसा मिळतो. अर्ज व्हीएफएसच्या व्हिसा केंद्रात करायचा. लागणारे कागद:

- पासपोर्ट, भरलेला अर्ज, पांढऱ्या पार्श्वभूमीचा ताजा फोटो
- दिवसवार कार्यक्रम, कुठल्या दिवशी कुठे मुक्काम यासह
- विमानाचं आणि हॉटेलांचं आरक्षण
- बँकेचं सहा महिन्यांचं स्टेटमेंट, आयकर विवरणपत्रं
- नोकरीचं पत्र आणि रजेची मंजुरी, किंवा व्यवसायाचे कागद
- प्रवासाचा हेतू सांगणारं साधं पत्र

पत्रात ‘पर्यटन’ एवढंच न लिहिता क्रौंच आणि तरंगता बर्फ पाहायला जातोय असं सरळ लिहा. फेब्रुवारीत कुशिरोला का चाललात हा प्रश्न मग उरत नाही.

दोन गोष्टींकडे लक्ष द्या. व्हिसा मिळाल्यापासून तीन महिन्यांच्या आत जपानात प्रवेश करावा लागतो, त्यामुळे उत्साहाच्या भरात ऑक्टोबरमध्ये अर्ज करू नका. फेब्रुवारीसाठी डिसेंबर ठीक. दुसरं, ई-व्हिसाची सूचना विमानतळावर फोनवर, इंटरनेट चालू ठेवून दाखवायची असते. छापील प्रत किंवा स्क्रीनशॉट चालत नाही. फोनची बॅटरी आणि नेट दोन्ही जिवंत ठेवा. ‘व्हिजिट जपान वेब’वर इमिग्रेशन आणि कस्टमची माहिती आधी भरून क्यूआर कोड घेतला की उतरल्यावर रांग पटकन सरकते.

५. विमान आणि रेल्वे

तोक्योला दोन विमानतळ आहेत. स्वस्त तिकिटाच्या नादात आंतरराष्ट्रीय विमान नारिताला आणि पुढचं कुशिरोचं विमान हानेदाहून, असं सहज होऊन बसतं. दोन्हींत साठ किलोमीटरहून जास्त अंतर आहे. शक्यतो दोन्ही हानेदा घ्या, नाहीतर तोक्योत एक रात्र काढा. रात्र काढलेलीच बरी. लांबच्या प्रवासानंतर त्याच दिवशी उणे पंधरात उतरणं शरीराला झेपत नाही.

जपानभर चालणारा जेआर रेल्वे पास पूर्वी डोळे मिटून घ्यावा असा होता. ऑक्टोबर २०२३ मध्ये सात दिवसांच्या साध्या पासचा दर २९,६५० येनवरून ५०,००० येन झाला. या सहलीसाठी तो घेऊ नका. फक्त होक्काइदोसाठी वेगळा पास मिळतो. कुशिरो-आबाशिरी आणि आबाशिरी-साप्पोरो या दोन लांब गाड्यांचं भाडं जोडून बघा आणि मग ठरवा.

वाफेची गाडी हिवाळ्यात कुशिरो ते शिबेचा धावते, ‘एसएल फुयु नो शित्सुगेन’ नावाने. सगळ्या जागा आरक्षित. आरक्षण प्रवासाच्या एक महिना आधी जपानी वेळेने सकाळी दहाला खुलं होतं, म्हणजे आपल्याकडचे साडेसहा. रविवार आणि सुट्टीची गाडी लवकर भरते. आधी या गाडीची तारीख पक्की करा आणि कुशिरोचा दुसरा मुक्काम तिच्याभोवती लावा.

गाडी भाड्याने घ्यावी का? भारतातला आंतरराष्ट्रीय वाहन परवाना जपानात चालतो, रस्त्याची बाजूही आपलीच, डावी. तरी माझा सल्ला नाही असाच आहे. बर्फाचा पातळ काचेसारखा थर डांबरावर बसतो तेव्हा रस्ता नुसता ओला दिसतो. पुणे-मुंबई द्रुतगती मार्गावरचा वीस वर्षांचा अनुभव तिथे शून्य.

मोठ्या बॅगेचं ओझं टाळायला ‘ताक्क्यूबिन’ वापरा. हॉटेलच्या काउंटरवर बॅग द्यायची, पुढच्या हॉटेलात ती पोचते. तोक्योहून होक्काइदोला दुसऱ्या दिवशी पोचेलच असं धरू नका, दोन दिवसांचे कपडे जवळ ठेवा.

६. कपडे

तीन थर. आत अंगाला चिकटणारं थर्मल, मेरिनो लोकर किंवा सिंथेटिक. मध्ये फ्लीस. वर वारा आणि बर्फ अडवणारं जॅकेट. सुती बनियन अजिबात नको, घाम धरून ठेवतं आणि मग तेच थंडी वाजवतं. जपानात दुकानं, गाड्या, हॉटेलं चांगली तापवलेली असतात, तेव्हा एकच जाडजूड कोट घालून फिरलात तर आत घाम, बाहेर थंडी असं दिवसभर चालेल.

पायांकडे लोक सगळ्यात कमी लक्ष देतात आणि तेच आधी गारठतात, कारण पक्षी पाहताना आपण तासन्‌तास एका जागी उभे असतो. बूट एक माप मोठे घ्या. जाड मोज्यांनी बूट आवळला की रक्त फिरत नाही आणि बोटं बधिर होतात. बुटांवर चढवायच्या खिळ्यांच्या पट्ट्या तिथेच मिळतात. कानटोपी, गळपट्टा, आणि दोन हातमोजे: आत पातळ, वर जाड. जाड मोज्यात शटर दाबता येत नाही.

‘काइरो’ नावाच्या गरम पुड्या प्रत्येक कॉन्व्हिनियन्स स्टोअरात मिळतात. आत लोखंडाची भुकटी असते, हवा लागली की ती गंजते आणि त्या गंजण्याची उष्णता आपल्याला मिळते. चिकटवायच्या पुड्या कमरेवर, कपड्यावरून लावा. थेट कातडीवर लावून झोपलात तर भाजतं.

७. कॅमेरा थंडीत कसा सांभाळायचा

- तीन-चार बॅटऱ्या ठेवा, वापरात नसलेल्या आतल्या खिशात, अंगाच्या उबेत. थंडीत संपलेली बॅटरी ऊब मिळाल्यावर थोडी परत जिवंत होते.
- बाहेरून खोलीत शिरण्याआधी कॅमेरा बॅगेत घालून चेन बंद करा आणि तासभर उघडू नका. उघडा कॅमेरा आत नेलात तर लेन्सच्या आत-बाहेर दव धरतं. मेमरी कार्ड बाहेरच काढून घ्या, म्हणजे फोटो बघायची घाई कॅमेऱ्याच्या मुळावर येणार नाही.
- बर्फ पाहून कॅमेरा फसतो आणि सगळं राखाडी करतो. एक्स्पोजर दोन तृतीयांश ते एक स्टॉपने वाढवा. ऊन आलं की मात्र क्रौंचाची पांढरी पिसं जळतात, म्हणून हिस्टोग्रामवर, म्हणजे कॅमेऱ्यातल्या उजेडाच्या आलेखावर, नजर ठेवा.
- ट्रायपॉडच्या धातूच्या पायांवर फोमची पट्टी गुंडाळा.
- ड्रोन घरी ठेवा. १०० ग्रॅमपासूनच्या प्रत्येक ड्रोनची जपानात नोंदणी लागते, आणि पक्ष्यांजवळ तो उडवणं हा उपद्रवच.

जपानातला वीजपुरवठा १०० व्होल्टचा आणि प्लग दोन चपट्या पिनांचा. आपले गोल पिनांचे चार्जर अडॅप्टरशिवाय लागत नाहीत. पॉवर बँक आणि सुट्या बॅटऱ्या हातसामानातच.

८. ओतोवा पुलावरची पहाट

सेत्सुरी नदीवरचा हा छोटा पूल म्हणजे या सहलीचं मर्म. नदीत झऱ्यांचं पाणी मिसळतं, म्हणून ती कडाक्याच्या थंडीतही गोठत नाही. कोल्ह्यांपासून जपून राहायला क्रौंच रात्रभर त्या उथळ पाण्यात एका पायावर उभे असतात.

सूर्योदयाच्या तासभर आधी पोचा. त्या वेळी बस नसते. टॅक्सी आदल्या दिवशी सांगून ठेवा, नाहीतर त्सुरुईतल्या एखाद्या घरगुती मुक्कामात राहा आणि आरक्षणाच्या वेळीच विचारा, पहाटे पुलावर सोडाल का? पुलाच्या पदपथावर ट्रायपॉडची रांग लागलेली असते. आधी आलेल्याच्या पुढे जायचं नाही, मोठ्याने बोलायचं नाही, टॉर्च पाण्याकडे मारायचा नाही.

पारा उणे पंधरा-वीसपर्यंत उतरलेला असेल तर पाण्यातून वाफ उठते आणि काठच्या झाडांवर गोठते. उजाडताना आधी काहीच दिसत नाही, सगळं दुधी. मग धुक्यात करड्या रेघा उभ्या असल्यासारख्या वाटतात. त्यांतली एक मान वर करते, जोडीदार मान वर करतो, आणि दोघांचा एकत्र पुकार पाण्यावरून येतो. नराची एक हाक, मादीची त्याला लागून उत्तरं, इतकी जुळलेली की एकच पक्षी ओरडतोय असं वाटावं. ऊन तिरपं आलं की त्या पुकाराबरोबर चोचीतून निघणारी वाफही सोनेरी दिसते. तोवर तुमच्या गळपट्ट्यावर श्वासाचा बर्फ साचलेला असतो आणि शेजारचा माणूस बॅटरी काखेत धरून गरम करत असतो.

पक्षी पुलापासून बरेच लांब असतात. ५०० मिमीच्या आतली लेन्स असेल तर पक्षी मोठा करायच्या भानगडीत पडू नका, झाडं आणि धुकं घ्या. वाफ नसेल त्या दिवशी चित्र फिकं येतं, म्हणून त्सुरुईत निदान दोन पहाटा ठेवा.

सकाळी क्रौंच उडून खाद्याच्या जागांवर येतात. त्सुरुईत दोन जागा, इतो अभयारण्य आणि त्सुरुमिदाई, आणि आकानच्या बाजूला क्रौंच केंद्र. इथे ३०० ते ४०० मिमी पुरते. बहुतेक कुटुंबं तिघांची दिसतील: दोन मोठे आणि तपकिरी डोक्याचं एक पिल्लू. माथ्यावरचा लाल डाग पिसांचा नाही, उघड्या कातडीचा आहे, आणि पक्षी चेकाळला की तो ठळक होतो. नाच अचानक सुरू होतो. एक वाकतो, दुसरा उडी मारतो, की बाजूच्यांनाही लागण होते. शटर निदान १/१००० ठेवा.

हे सगळं बघताना एक माहीत असावं. शिकार आणि पाणथळ बुजवण्यामुळे हे पक्षी जपानातून संपले असं मानलं गेलं होतं. १९२४ मध्ये कुशिरोच्या दलदलीत मूठभर सापडले. १९५२ च्या कडक हिवाळ्यात तिथल्या शेतकऱ्यांनी मका टाकायला सुरुवात केली आणि त्यातून संख्या हजाराच्या पुढे गेली. आता सगळे पक्षी एकाच जागी गोळा होऊ नयेत म्हणून सरकार हे खाद्य हळूहळू कमी करत आहे. जुन्या फोटोंइतकी गर्दी दिसली नाही तर नाराज होऊ नका. आणि आजूबाजूची शेतं खासगी आहेत, फोटोसाठी बर्फात उतरू नका.

९. राउसूची बोट

बोट पहाटे, अंधारातच निघते. समोर कुनाशिर बेट, ते रशियाच्या ताब्यात आणि जपानचा त्यावर दावा. सूर्य त्याच्या मागून उगवतो. बर्फाच्या लादीवर बसलेला स्टेलर्स गरुड पहिल्यांदा दिसतो तेव्हा ती पिवळी चोच खोटी वाटते, इतकी मोठी. पंखांचा पसारा दोन मीटरहून अधिक.

बोटीवाले गरुडांसाठी मासे टाकतात, हे आधीच सांगतो. काहींना ते पटत नाही. मलाही पूर्ण पटत नाही, पण पक्षी पाहिले. तुमचं तुम्ही ठरवा. वारा उलटा असला तर बर्फ एका रात्रीत दूर जातो किंवा बोट रद्द होते, म्हणून इथे दोन रात्री हव्यात. उलटीची गोळी निघण्याआधी घ्या.

१०. दुपारचे छंद

वाफेच्या गाडीच्या डब्यात कोळशाची शेगडी असते. लोक गाडीतच सुकं म्हाकूल विकत घेऊन तिच्या जाळीवर भाजतात. पाचच मिनिटांत डबाभर असा वास सुटतो की मालवणच्या माणसाला घरी आल्यासारखं वाटेल, आणि शाकाहाऱ्याला पुढच्या स्टेशनवर उतरावंसं. इंजिन सी-११ जातीचं, १९४० चं. गाडी पाणथळाच्या कडेने जाते, कायानुमा स्टेशनजवळ खिडकीतून क्रौंच दिसायची शक्यता चांगली. फोटो काढायचे तर एकदा गाडीत बसा आणि एकदा बाहेरून काढा. दोन्ही एका फेरीत होत नाही.

आबाशिरीला बर्फ फोडणारी बोट, आणि तिथून शारीकडे जाणाऱ्या गाडीवरचं किताहामा स्टेशन. फलाटाला लागून समुद्र. स्टेशनच्या भिंती प्रवाशांनी चिकटवलेल्या तिकिटांनी आणि कार्डांनी भरलेल्या.

चित्रं काढणाऱ्यांनी एक दुपार कुश्शारो तळ्याच्या सुनायूला द्यावी. तिथे काठची वाळू जमिनीखालून गरम, म्हणून पाणी गोठत नाही आणि हंस पायाशी येतात. जलरंग मात्र गोठतात, पेन्सिल न्या.

आकान तळ्याला ऐनूंची वस्ती आहे, लाकडी कोरीवकामाची दुकानं आणि त्यांचे नाच. ऐनू हे होक्काइदोचे मूळ रहिवासी. त्यांच्याकडे क्रौंच म्हणजे पाणथळाचा देव. ज्यांना याची ओढ आहे त्यांनी साप्पोरोच्या बाजूला शिराओई इथलं २०२० मध्ये उघडलेलं उपोपोय संग्रहालय बघावं.

गरम कुंडांत शिरण्याआधी बाहेर बसून साबणाने पूर्ण अंघोळ करायची, कपडे काही ठेवायचे नाहीत, टॉवेल पाण्यात बुडवायचा नाही. पहिल्या वेळी लाज वाटते. पाच मिनिटं टिकते.

११. खाणं आणि औषधं

मासे खाणाऱ्यांची चैन आहे. कुशिरोच्या वाशो बाजारात आधी भाताचा वाडगा घ्यायचा आणि मग दुकानादुकानांतून हवे ते माशांचे तुकडे त्यावर घालून घ्यायचे.

शाकाहाऱ्यांनी ‘दाशी’ ओळखायला शिकावं. हे बहुधा सुक्या माशाचं पाणी, आणि ते भाजीत, सूपमध्ये, अंड्यात, कशातही असतं. ‘मांस नको’ म्हटलं की माशाचं चालतं असा अर्थ घेतला जातो. जपानी भाषेत लिहिलेली चिठ्ठी फोनमध्ये ठेवा: मांस, मासे, माशांचं पाणी, काहीच नाही. घरगुती मुक्कामात ही चिठ्ठी आरक्षणाबरोबरच पाठवा, रात्री ताटावर बसल्यावर नाही. उमेबोशी म्हणजे खारवलेल्या आलुबुखाराची ओनिगिरी (भाताचा गोळा) दुकानात मिळते, पण मागचं लेबल फोनच्या कॅमेऱ्याने वाचून घ्या. मेतकूट, शेंगदाण्याची चटणी, दशम्या न्या. भात सगळीकडे मिळतो, त्यावर मेतकूट टाकलं की जेवण झालं.

सर्दीच्या गोळ्या तपासा. स्यूडोएफेड्रिनचं प्रमाण दहा टक्क्यांहून जास्त असलेली औषधं जपानात नेता येत नाहीत. नेहमीची औषधं महिन्याभराहून जास्त नेणार असाल तर आधी परवानगी लागते. डॉक्टरांची चिठ्ठी इंग्रजीत घ्या.

खेड्यांत रोख रक्कम लागते. पोस्टाच्या आणि सेव्हन-इलेव्हनच्या एटीएममधून आपली कार्डं चालतात.

१२. राखीव दिवस आणि परतीचा प्रवास

हिमवादळात रेल्वे दिवसभर बंद राहते, आणि ते कुणाला अनपेक्षितही वाटत नाही. कुशिरो किंवा आबाशिरीहून निघून त्याच दिवशी मुंबईचं विमान धरायचं असं नियोजन करू नका. शेवटची रात्र तोक्योत काढा. विमा घेताना वाहतूक रद्द झाल्याचा खर्च त्यात धरला आहे का ते वाचा, आणि हॉटेलं फुकट रद्द करता येतील अशी घ्या. आमच्या वेळी एका मुक्कामाच्या मालकाने रस्ता बंद असूनही पूर्ण पैसे कापले. आरक्षणाच्या अटींत तसं लिहिलेलं होतं.

महागडा कॅमेरा आणि लेन्स घेऊन जाताना खरेदीची बिलं फोनमध्ये आणि कागदावर ठेवा. अगदी नवीन सामान असेल तर जातानाच मुंबई विमानतळावर कस्टमकडून निर्यात प्रमाणपत्र करून घ्या, त्यासाठी तासभर लवकर पोचा. परतताना ग्रीन चॅनेलमधून येताना कुणी मोठ्या लेन्सकडे बोट दाखवलं तर हाच कागद पुढे करायचा. मेमरी कार्डं दोन ठिकाणी ठेवा, एक संच खिशात, दुसरी प्रत हातसामानात.